पदवीची अट आणि शिडीची जबाबदारी

सर्वोच्च न्यायालयाने १ सप्टेंबर २०२५ रोजी शिक्षक पात्रता परीक्षेसंबंधी जो निकाल दिला, त्याने महाराष्ट्रातील प्राथमिक शिक्षकांच्या घराघरांत काळजीचे सावट पसरले. शिक्षणहक्क कायदा १ एप्रिल २०१० रोजी अमलात आला आणि त्याच वर्षीच्या २३ ऑगस्टच्या अधिसूचनेने पहिली ते आठवीच्या शिक्षकासाठी ही परीक्षा किमान अर्हता ठरली. त्यापूर्वी रीतसर नेमणूक झालेले, डी.एड. होऊन वीस-पंचवीस वर्षे वाडीवस्तीवर शिकवीत आलेले शिक्षक अशा समजुतीत होते की, हा नियम नव्याने येणाऱ्यांसाठी आहे. निकालाने ती समजूत मोडली. ज्यांची सेवा पाच वर्षांहून अधिक शिल्लक आहे, त्यांनी दोन वर्षांत परीक्षा उत्तीर्ण व्हावे, अन्यथा सेवेतून बाहेर पडावे. ज्यांची सेवा पाच वर्षांहून कमी उरली आहे, त्यांना नोकरी पुरी करता येईल, परंतु पदोन्नती हवी असेल तर परीक्षेवाचून ती मिळणार नाही, असा त्या निकालाचा आशय आहे.

या निकालावर दोन प्रकारचे सूर उमटले. एक सूर असा की, गुणवत्तेची कसोटी लागताच हे लोक ओरडू लागले, यावरूनच त्यांची लायकी दिसते. दुसरा सूर असा की, ज्याने आयुष्य फळ्यासमोर घालविले त्याची परीक्षा घेणारे तुम्ही कोण? पहिल्या सुरात पांढरपेशा वर्गाचा जुना उद्दामपणा आहे. दुसऱ्यात दुखावलेला स्वाभिमान आहे आणि तो आम्हाला अधिक जवळचा वाटतो. तथापि मूळ प्रश्न दोन्ही सुरांनी टाळला आहे. सरकारी व सार्वजनिक क्षेत्रातील नोकराच्या बढतीच्या वाटेवर नवी शैक्षणिक अट उभी करण्याचा अधिकार शासनाला असेल, तर त्या अटीपर्यंत पोहोचण्याची शिडी कोणी उभारायची? अधिकार शासनाचा आणि शिडीची चिंता नोकराची, ही वाटणी न्याय्य आहे काय?

हा प्रश्न आजचा नाही आणि केवळ शिक्षकांचाही नाही. पाटबंधारे, बांधकाम, वीज, पाणीपुरवठा, अबकारी अशी कित्येक खाती त्यासाठी न्यायालयाच्या पायऱ्या झिजवीत आली आहेत. राज्यघटनेच्या अनुच्छेद १६ ने सार्वजनिक सेवेत सर्वांना समान संधीची हमी दिली आहे आणि ती हमी केवळ नेमणुकीपुरती नसून बढतीलाही लागू आहे, हे न्यायालयांनी पूर्वीच मान्य केले आहे. दुसरीकडे अनुच्छेद ३०९ अन्वये सेवेच्या शर्ती ठरविण्याचा अधिकार शासनाला आहे. या दोहोंच्या मध्ये पदवीधर आणि बिनपदवीधर नोकरांचे खटले अर्धशतकाहून अधिक काळ चालू आहेत. त्यांचा इतिहास कार्यकर्त्यांनी समजून घेण्यासारखा आहे.

जम्मू-काश्मीरच्या अभियांत्रिकी सेवेत सहायक अभियंत्याच्या पदावर पदवीधरही होते आणि पदविका घेतलेलेही होते. दोघांचे काम एक, दर्जा एक, वेतन एक. असे असता शासनाने नियम केला की, यापुढे कार्यकारी अभियंता व्हायचे असेल तर पदवी किंवा तिच्याशी समकक्ष अशी एएमआयई ही परीक्षा उत्तीर्ण झालेली असली पाहिजे. पदविकाधारकांनी दाद मागितली. एकदा एकाच श्रेणीत आम्हाला सामावून घेतल्यावर आमचा जन्मदाखला पुन्हा कशासाठी काढता, असा त्यांच्या युक्तिवादाचा सारांश होता. १९७३ साली घटनापीठाने निकाल शासनाच्या बाजूने दिला. वरच्या पदाची कार्यक्षमता वाढावी यासाठी शिक्षणाच्या आधारे केलेली वर्गवारी घटनाबाह्य नाही, असे न्यायमूर्ती चंद्रचूड यांनी लिहिले.

मात्र त्याच निकालाला न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी जोडलेले स्वतंत्र टिपण आजही वाचावे असे आहे. निष्कर्ष त्यांनी मान्य केला, पण धोक्याची घंटाही वाजविली. महागड्या पदव्यांची मात्रा चाटवून दुर्बलांच्या समान वागणुकीचा हक्क निजवू नका, बारीकसारीक भेदांवर वर्ग पाडीत गेलात तर समतेचाच उच्छेद होईल, बुद्धी ही मूठभरांची मिरास आहे या वरिष्ठांच्या युक्तिवादाला भुलू नका, अशा आशयाचा इशारा त्यांनी दिला. पुढच्याच वर्षी पूर्वीच्या हैदराबाद संस्थानातील व आंध्रातील पर्यवेक्षकांच्या खटल्यात न्यायमूर्ती भगवती यांनी हाच धागा पुढे नेला. पदवीधर आणि बिनपदवीधर हे दोघेही वरच्या पदाला लायक आहेत असे एकदा मानले, तर मग पदवीधरांसाठी जागांचा मोठा वाटा राखून ठेवणे समान संधीशी कसे जुळते, असा त्यांचा रोखठोक प्रश्न होता. त्या खटल्यात विशिष्ट ऐतिहासिक परिस्थितीमुळे नियम टिकला. प्रश्न मात्र नोंदवून ठेवला गेला.

पुढे १९८० च्या दशकाच्या अखेरीस दोन निकाल आले आणि त्यांची तोंडे दोन दिशांना होती. दिल्ली विकास प्राधिकरणात कनिष्ठ अभियंत्याला बढतीसाठी पदवी असेल तर तीन वर्षांची सेवा पुरे, पदविका असेल तर आठ वर्षांची हवी, असा नियम होता. उच्च न्यायालयाने तो रद्द ठरविला, सर्वोच्च न्यायालयाने तो वैध ठरविला. उलट केरळच्या अबकारी खात्यात पदवीधर व बिनपदवीधर यांच्यात बढतीच्या जागा वाटून देणारा नियम सर्वोच्च न्यायालयानेच रद्द केला, कारण त्या पदाच्या कामाला पदवीची गरज आहे असे शासनाला दाखविता आले नाही. १९९४ साली तामिळनाडूच्या पाणीपुरवठा मंडळाच्या प्रकरणात न्यायालयाने या सर्व निकालांचे सार काढले. उच्च शिक्षण हा वर्गवारीचा ग्राह्य आधार आहे. त्या आधारावर बढती रोखताही येते आणि मर्यादितही करता येते. परंतु मर्यादा घालताना कमी शिकलेल्याच्या बढतीची शक्यता गंभीरपणे धोक्यात येईल इतकी ती आवळता येणार नाही. आणि प्रत्येक प्रकरण त्याच्या परिस्थितीवरून तोलावे लागेल.

प्रत्येक प्रकरण त्याच्या परिस्थितीवरून, हे तत्त्व कायद्याच्या दृष्टीने निर्दोष असेल. कामगाराच्या दृष्टीने त्याचा अर्थ मात्र असा की, प्रत्येक खात्याने, प्रत्येक पिढीने, प्रत्येक संवर्गाने वेगळा खटला लढवावा. खटला दहा-बारा वर्षे चालतो. तोवर ज्येष्ठता यादी दोनदा बदलते, पदोन्नती तात्पुरत्या स्वरूपात दिल्या जातात, काढून घेतल्या जातात, आणि ज्याच्या नावाने अर्ज दाखल झाला तो निवृत्तिवेतनाच्या कागदपत्रांवर सह्या करू लागतो. वकिलाची फी मात्र दोन्ही बाजूंचे कामगारच भरतात.

येथे एक गोष्ट स्पष्ट केली पाहिजे. आम्ही शैक्षणिक अर्हतेच्या विरोधात नाही. धरणाच्या भिंतीचा आराखडा करणाऱ्याला गणित आलेच पाहिजे. आदिवासी पाड्यावरच्या मुलाला शहरातील मुलाइतकाच जाणता शिक्षक मिळाला पाहिजे, हा त्या मुलाचा हक्क आहे. तो शिक्षकाच्या सोयीसाठी गहाण टाकता येणार नाही. जोतीराव फुले यांनी १८८२ साली हंटर आयोगापुढे निवेदन केले, तेव्हा प्राथमिक शिक्षक प्रशिक्षित असावेत आणि त्यांना पुरेसे वेतन मिळावे, या दोन्ही गोष्टी त्यांनी एकत्र मागितल्या होत्या. दोन्ही एकत्र, हे महत्त्वाचे. आजचे शासन पहिली मागणी नोकराच्या तोंडावर फेकते आणि दुसरी स्वतःच्या खिशात ठेवते.

पदविका घेणारा मुलगा पदवीला का जात नाही, याचा विचार नियम करणारे कधी करतात काय? दहावीला चांगले गुण मिळालेला शेतकऱ्याचा किंवा गिरणी कामगाराचा मुलगा तंत्रनिकेतनात जातो, कारण तीन वर्षांत हाताला काम मिळते आणि धाकट्या भावंडांची फी निघते. बुद्धीचा अभाव हे त्याचे कारण नसते. घरात वाट पाहण्याची ऐपत नसते. दुसरा मुलगा ती वाट पाहू शकतो, पदवी घेऊन त्याच खात्यात येतो. कालव्याच्या कामावर दोघे एकाच तंबूत राहतात, एकाच मोजमाप पुस्तकात नोंदी करतात. पंधरा वर्षांनी बढतीची वेळ येते तेव्हा शासन विचारते, सतराव्या वर्षी तुझ्या बापाची ऐपत किती होती? प्रश्न या शब्दांत विचारला जात नाही, एवढेच. ज्याला गुणवत्तेची कसोटी म्हणतात, ती अशा वेळी जन्माच्या परिस्थितीचीच फेरमोजणी ठरते.

या अन्यायावर उपाय होता आणि काही काळ तो चालूही होता. इन्स्टिट्यूशन ऑफ इंजिनियर्स या १९२० साली स्थापन झालेल्या संस्थेची एएमआयई परीक्षा नोकरी करता करता देता येत असे. दिवसा साइटवर आणि रात्री कंदिलाच्या उजेडात पुस्तकांवर, अशा रीतीने ती परीक्षा उत्तीर्ण होऊन वरच्या पदाला पोहोचलेले अभियंते प्रत्येक खात्यात भेटत. १९७३ च्या निकालातही हा दरवाजा उघडा होता, हे वर आलेच आहे. पुढे केंद्र सरकारने नोकरी व बढतीसाठीची ती समकक्षता ३१ मे २०१३ पर्यंत नोंदणी केलेल्यांपुरती मर्यादित केली. शिडी काढून घेतली गेली, भिंत मात्र जागेवर राहिली.

शिडी काढली की बाजार उभा राहतो, हा अर्थव्यवहाराचा नियमच आहे. त्याचा पुरावा ओरिसातील खटल्यात मिळाला. ओरिसा लिफ्ट इरिगेशन कॉर्पोरेशन या सार्वजनिक उपक्रमातील पदविकाधारक नोकरांनी दूरशिक्षणाने अभियांत्रिकीची पदवी मिळविली आणि तिच्या आधारे बढती मागितली. पदवी देणारे अभिमत विद्यापीठ होते. त्याच्या नावापुढे विद्यापीठ हा शब्द होता, शिक्का होता, गुणपत्रिका होती. वाद न्यायालयात गेला आणि ३ नोव्हेंबर २०१७ रोजी सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला. अभियांत्रिकीसारखा प्रात्यक्षिकावर आधारलेला विषय तंत्रशिक्षण परिषदेच्या मान्यतेवाचून दूरशिक्षणाने शिकविण्याचा या संस्थांना अधिकारच नव्हता, असे न्यायालयाने ठरविले. चार अभिमत विद्यापीठांनी दिलेल्या पदव्यांपैकी २००१ ते २००५ या काळात प्रवेश घेतलेल्यांच्या पदव्या निलंबित झाल्या आणि त्यांना तंत्रशिक्षण परिषदेची परीक्षा देण्यास सांगण्यात आले; त्यानंतर प्रवेश घेतलेल्यांच्या पदव्या रद्द झाल्या. पदवीच्या आधारे मिळालेले लाभही गेले. हातात पडलेल्या पैशाची वसुली करू नये, एवढी दया न्यायालयाने दाखविली. सीबीआय चौकशीचा आदेशही झाला. पुढे जानेवारी २०१८ मध्ये, परीक्षा देऊ इच्छिणाऱ्यांना निकाल लागून महिना होईपर्यंत लाभ राखण्याची सवलत मिळाली.

न्यायालयाने जे ठरविले त्याच्याशी आमचा वाद नाही. प्रयोगशाळेचे तोंड न पाहता मिळालेली अभियांत्रिकीची पदवी लोकांच्या जिवाशी खेळ करते. पण या प्रकरणात दोषी कोण आणि दंड कोणाला, हे पाहा. संस्थांनी फी घेतली. नियंत्रण करणाऱ्या केंद्रीय मंडळींनी कधी डोळे मिटले, तर कधी मागाहून मान्यता देण्याचा खटाटोप केला. खात्यांनी त्याच पदव्या सेवापुस्तकात नोंदवून घेतल्या. इतक्या सगळ्या सह्या आणि शिक्क्यांमधून गेल्यानंतर ज्याने पगारातून हप्ते भरून ती पदवी घेतली, त्या नोकरालाच चाळिशीत पुन्हा परीक्षेच्या बाकावर बसावे लागले. त्याचा अपराध एवढाच की, शासनाने मागितलेला कागद त्याने शासनमान्य म्हणविणाऱ्या दुकानातून आणला.

महाराष्ट्रालाही याचा अनुभव आहे. शिक्षक पात्रता परीक्षेचा घोटाळा २०२१ च्या अखेरीस उघडकीला आला, परीक्षा परिषदेचे तत्कालीन आयुक्त अटकेत गेले आणि साडेसात हजारांहून अधिक उमेदवारांवर कारवाई झाली. ज्या परीक्षेच्या नावाने आज पंचवीस वर्षे शिकविलेल्या शिक्षकाची लायकी मोजली जाणार, त्या परीक्षेची स्वतःची लायकी अशी आहे. कागदाला जितकी किंमत येते तितकी त्याची चोरबाजारी वाढते. आणि कागद विकत घेणारा पुढे जातो, प्रामाणिकपणे नापास होणारा मागे राहतो.

या व्यवस्थेचे दुसरे टोकही पाहण्यासारखे आहे. ओरिसातच पंजाब नॅशनल बँकेच्या शिपायाच्या जागेसाठी उमेदवार बारावी उत्तीर्ण असावा, पण पदवीधर नसावा, अशी अट होती. एका तरुणाने आपली पदवी लपविली व नोकरी मिळविली. २०२० साली सर्वोच्च न्यायालयाने त्याच्या विरोधात निकाल दिला. माहिती दडविणारा उमेदवार विश्वासाला पात्र नाही, हे त्यामागचे एक कारण. कमी शिकलेल्यांसाठी राखलेली जागा अधिक शिकलेल्याने बळकावू नये, या धोरणात तथ्य आहे. पण ज्या देशात वर चढण्यासाठी पदवी नाही म्हणून एक जण रडतो आणि खालची जागा मिळविण्यासाठी पदवी लपवावी लागते म्हणून दुसरा रडतो, त्या देशात पदवी आणि काम यांचा संबंधच तुटला आहे, हे कबूल करायला हवे. न्यायालय हा संबंध जोडू शकत नाही. ते नियमाची वैधता तपासते. नियम शहाणा आहे की नाही, हे पाहणे त्याचे काम नव्हे. ते काम राजकारणाचे आहे, आणि म्हणून आपले आहे.

आता थोडे आपल्याबद्दल. पदवीधर अभियंत्यांची संघटना वेगळी, पदविकाधारकांची वेगळी, डी.एड. शिक्षकांची वेगळी, पदवीधर शिक्षकांची वेगळी. प्रत्येकीचा वकील वेगळा, प्रत्येकीची निधीची पावती वेगळी. एकीला न्यायालयात यश मिळाले की पेढे वाटले जातात, आणि ते पेढे शेजारच्या टेबलावरच्या सहकाऱ्याच्या पराभवाचे असतात. शासनाला याहून सोयीची स्थिती कोणती? रिक्त पदे वर्षानुवर्षे भरायची नाहीत, कंत्राटी नेमणुका वाढवायच्या, आणि उरलेल्या चार जागांसाठी नोकरांना एकमेकांवर खटले भरू द्यायचे. पुरोगामी म्हणविणाऱ्या पुढाऱ्यांनीही या संघटनांच्या वेगवेगळ्या मेळाव्यांत वेगवेगळी आश्वासने दिली आहेत, हेही येथे नमूद करणे प्रामाणिकपणाचे होईल.

मग मागणी कोणती करायची? अट रद्द करा, एवढी मागणी पुरेशी नाही आणि न्याय्यही नाही. आमच्या मते चार गोष्टींचा आग्रह धरला पाहिजे. पहिली, पदोन्नतीसाठी शैक्षणिक अट घालण्यापूर्वी त्या पदाच्या कामाला तिची गरज का आहे, हे खात्याने लेखी व जाहीर मांडावे. केरळच्या खटल्यात जे न्यायालयात सांगावे लागले, ते नियम करतानाच सांगावे. दुसरी, अट नव्याने येत असेल तर ती पुरी करण्याचा मार्ग शासनाने स्वतः, स्वतःच्या खर्चाने, नोकरीच्या काळात द्यावा. भरपगारी अभ्यासरजा, जिल्ह्याच्या ठिकाणी वर्ग, शासकीय महाविद्यालयांत नोकरदारांसाठी राखीव जागा हे अशक्य नाही. तंत्रशिक्षण परिषदेने नोकरदारांसाठी सोयीच्या वेळी पदवीचे वर्ग चालविण्याची मुभा २०२३ पासून महाविद्यालयांना दिली आहे. पण मुभा म्हणजे हक्क नव्हे, आणि खासगी महाविद्यालयाची फी भरून मिळणारी संधी ही पुन्हा ऐपतीचीच संधी आहे. तिसरी, ज्या पदव्या शासनाने एकदा सेवापुस्तकात स्वीकारल्या, त्या पुढे सदोष ठरल्या तर फेरशिक्षणाचा भार नोकराबरोबर शासनाने आणि मान्यता देणाऱ्या संस्थांनीही उचलावा. चौथी, ज्याला पदवीच्या वाटेने जायचे नाही, पण जो कामात तरबेज आहे, त्याच्यासाठी कामावर आधारलेली विभागीय परीक्षा आणि सन्मानाची समांतर वेतनश्रेणी असावी. तीस वर्षे धरणावर काढलेल्या माणसाला निवृत्तीच्या दिवशी त्याच पदावरून निरोप देणे ही राष्ट्राच्या अनुभवाचीच उधळपट्टी आहे.

शिक्षकांच्या बाबतीत याचा सरळ अर्थ असा की, परीक्षा घ्यायची असेल तर तिची तयारीही शासनाने शाळेच्या वेळेत करून घ्यावी, आणि त्यासाठी आधी जनगणना, निवडणूक, मतदारयाद्या, नाना तऱ्हेची सर्वेक्षणे यांच्या ओझ्यातून शिक्षकाला मोकळे करावे. ज्याला शिकविण्यास वेळ दिला नाही, त्याची शिकविण्याची पात्रता तपासणे ही क्रूर थट्टा आहे. केंद्राने कायद्यात दुरुस्ती करावी ही मागणी योग्यच आहे. पण ती करताना मुलाच्या हक्काकडे पाठ फिरवू नये. शिक्षकाच्या पाठीशी पालक तेव्हाच उभा राहील, जेव्हा शिक्षक आपल्या हक्काबरोबर त्याच्या मुलाचीही बाजू मांडील.

पुढच्या महिन्यात तालुक्यातालुक्यांत आपल्या बैठका होतील तेव्हा दोन्ही बाजूंच्या नोकरांना एकाच सतरंजीवर बसवा. पदवीधराला सांगा की, त्याच्या पदवीवर आपला राग नाही. ती मिळण्याची संधी सर्वांना नाही, यावर आहे. पदविकाधारकाला सांगा की, त्याची लढाई शेजाऱ्याच्या खुर्चीशी नाही. ज्या शासनाने भिंत बांधली आणि शिडी बाजारात विकायला काढली, त्या शासनाशी आहे. न्यायालयात जाण्याचा मार्ग कोणाला बंद नाही. परंतु अर्धशतकाच्या खटल्यांनंतरही प्रत्येक प्रकरण त्याच्या परिस्थितीवरून तोलले जाणार असेल, तर ती परिस्थिती बदलण्याचे काम संघटित श्रमिकांना स्वतःच हाती घ्यावे लागेल.